डॉकवरची पहिली जागा

झाकण उघडलं, मास्क हनुवटीखाली ओढला, झाकणाची आतली बाजू नाकाशी धरली, आणि मला काहीच वास आला नाही. ना चांगला, ना वाईट.

झाकण बाजूला ठेवून मी कॅनवर वाकलो. चाळीस लिटर दूध माझ्या तोंडाखाली होतं. ताज्या दुधाला एक कोमट, गोडसर वास असतो. तो नव्हता. सर्दी म्हणावी तर नाक चोंदलेलं नव्हतं, श्वास मोकळा होता. वास तेवढा गायब.

"अण्णा, झोपलाव का कॅनात?" पिकअपवाला मागून म्हणाला. "पास का परत, सांगा की. ऊन चढायलंय."

"पास," मी म्हणालो.

एकोणीस वर्षांच्या नोकरीत काही न कळता 'पास' म्हणायची ती माझी पहिली वेळ. शेवटची नव्हे. त्या दिवसापासून चार दिवस मी तेच करत होतो.

गेवराई तालुक्यातल्या एका दूध शीतकरण केंद्रात मी ग्रेडर होतो. रिटायर होऊन दोन वर्षं झाली. शीतकरण केंद्र म्हणजे गावोगावचं दूध गोळा करून थंड करायचं आणि टँकर भरून मोठ्या डेअरीला पाठवायचं ठिकाण. सकाळी पिकअप येतात. कॅन ज्या ओट्यावर उतरतात त्याला डॉक म्हणतात. डॉकवर दोन माणसं उभी असतात. पहिल्या जागेवरचा झाकण उघडतो, वास घेतो, लागलंच तर थेंबभर चाखतो आणि 'पास' की 'परत' ते सांगतो. दुसऱ्या जागेवरचा पास झालेला कॅन मोठ्या टाकीत ओततो आणि फॅटसाठी नमुना काढून ठेवतो. मशिनं पुष्कळ आली, पण आमच्याकडं पहिल्या जागेवर माणसाचं नाकच लागायचं. नवीन माणूस दुधात वास शोधतो. तो झाकणाखाली शोधायचा असतो, वाटभर तिथंच साचलेला असतो.

पहिली जागा माझी. भास्करअण्णांनी परत म्हटलं की परत, मॅनेजरसुद्धा मधे पडायचा नाही. मग विष्णू आला.

विष्णू धारूरकडचा. वय तिशीचं. घरी शेळ्या, म्हशी, त्यामुळं दुधातच वाढलेला. त्याला माझ्या हाताखाली दुसऱ्या जागेवर टाकलं. आठ दिवसांत माझ्या लक्षात आलं की हे काम ह्याला माझ्यापेक्षा चांगलं जमतंय. मी झाकण नाकाशी न्यायचो, तो तीन हातांवरून सांगायचा, "अण्णा, ह्या गाईनं कांद्याची पात खाल्लीय." किंवा, "हा कॅन रॉकेलच्या फडक्यानं पुसलाय." आणि ते खरं निघायचं. वर बोलायला गोड. मी 'परत' म्हणायचो आणि पुढच्या कॅनकडं वळायचो. विष्णू त्या पिकअपवाल्याला बाजूला घेऊन समजावून सांगायचा, शेतकऱ्याला काय सांगायचं ते सांगायचा, आणि माणूस दूध परत नेतानाही त्याला रामराम करून जायचा.

मी जळायचो. आता लपवून काय करायचंय? पिकअपमधून उतरायच्या आधी लोक विचारायचे, "विष्णूभाऊ हायेत का आज?" मी समोर उभा. आमचे मॅनेजर देशमुख साहेब पोरीच्या लग्नाचं तूप घेऊन आले तेव्हा डबा माझ्यासमोरून पुढं नेला आणि विष्णूच्या नाकाखाली धरला. त्या दिवशी मी जेवलो नाही. बायकोनं विचारलं तर पित्त झालंय म्हणालो.

अशात साथ आली. दूध अत्यावश्यक सेवेत, म्हणून आम्हाला सुट्टी नाही. हेड ऑफिसचं परिपत्रक आलं आणि साहेबांनी ते डॉकवर मला वाचून दाखवायला लावलं. सगळ्यांत जुना मी. ताप, खोकला, वास न येणं, ह्यांपैकी एकही लक्षण दिसलं तर त्याच दिवशी स्वतःहून कळवायचं आणि चौदा दिवस घरी थांबायचं. घरात रुग्ण असेल तरी तेच. हे चौदा दिवस विशेष रजा, पूर्ण पगार, मेडिकल रजेतून कापायचे नाहीत. आणि शेवटची ओळ: रजेच्या काळात त्या जागेवर पर्यायी कर्मचारी नेमावा.

ती शेवटची ओळ मी जरा जोरातच वाचली असेन. पर्यायी कर्मचारी म्हणजे विष्णू, हे कळायला परिपत्रकाची गरज नव्हती. मी तिथंच ठरवलं की आपण आजारी पडायचं नाही.

पंधरा दिवसांनी विष्णू स्वतःहून माझ्याकडं आला. लांब उभा राहिला. "अण्णा, मेव्हणा पुण्यावरून आलता. चार दिस घरीच व्हता. आज त्याचा रिपोर्ट पॉझिटिव्ह आलाय. मी काय करू?"

नियमानं त्याला घरी पाठवायचंच होतं. पण ते हळू आवाजात सांगता आलं असतं. मी डॉकच्या मधोमध उभं राहून, पाच पिकअप उभे असताना म्हणालो, "विष्णू, आत्ताच्या आत्ता निघ. डॉकवर कोरोना घुसायला नको. चौदा दिवस फिरकू नको इकडं." सगळे मागं सरले. विष्णूनं मान खाली घालून गाडी काढली. मला लई बरं वाटलं. नियम बरोबर होता, माझं मन बरोबर नव्हतं.

ते बरं वाटणं दोन दिवससुद्धा टिकलं नाही. माझ्या मेडिकल रजा वर्षानुवर्षं साठलेल्या, मी एक घेतली नव्हती. आणि हा गडी घरी बसून पूर्ण पगारी. पहिले आठ दिवस त्याच्या व्हॉट्सॲप स्टेटसवर शेळीची पिल्लं, गच्चीवरचा पाळणा, बायकोच्या हातची थालिपीठं. डॉकवर रोज चौकशी, "विष्णूभाऊ बरे हायेत का?" कुणी त्याच्या घरी बाजरी पोचवली, कुणी गावरान अंडी. मी हर्नियाचं ऑपरेशन करून आलो होतो तेव्हा मला कुणी मक्याचं कणीस आणून दिलं नव्हतं. ऑपरेशनसुद्धा मी माझ्या किरकोळ रजेत आणि दिवाळीच्या सुट्टीत बसवलं होतं, जागा रिकामी राहू नये म्हणून.

चौदा दिवस संपले. विष्णू रिपोर्ट घेऊन हजर झाला, निगेटिव्ह. लोकांनी त्याला पाणी देण्याआधी खुशाली विचारली. तो थोडा गप्प वाटला. मला वाटलं, माझ्यावर राग धरलाय.

आणि त्याच आठवड्यात, सुरुवातीला सांगितलं तसा, माझा वास गेला.

घरी जाऊन खात्री करून घेतली. बायकोनं, मंगलनं, मिरचीची फोडणी दिली होती. मला ठसका लागला, डोळ्यांतून पाणी आलं, पण वास नाही. साबण हुंगला. उदबत्ती हुंगली. शेवटी गोठ्यात गेलो. तिथंही काही नाही. अंग जरा कणकण करत होतं, बाकी ठीक.

मंगलला सांगावं लागलं. मी म्हणालो, "माझं ताट-तांब्या वेगळं कर. मी पुढच्या खोलीत झोपतो. तू जवळ येऊ नकोस."

"मंग सुट्टीचा अर्ज देताव का उद्या?"

"नाही. कामावर जातो."

"म्हंजी मला होऊ नये, आन् डॉकवरच्यांना झाला तर चालतंय तुमाला?"

मी म्हणालो मास्क लावतो, लांब उभा राहतो. ती ताट उंबऱ्यावर ठेवून गेली. घरात विलगीकरण आणि कामावर हजर, असा माझा उलटा कारभार चालला होता. आज सांगायला लाज वाटते. तेव्हा डोक्यात एकच होतं. मी चौदा दिवस नसलो तर विष्णू पहिल्या जागेवर उभा राहणार, आणि एकदा लोकांनी त्याला तिथं बघितलं की मला परत कुणी बोलावणार नाही.

वासाविना ग्रेडिंग कसं करायचं? मी दोन उपाय काढले. पहिला, सीओबी. म्हणजे परीक्षानळीत थोडं दूध घेऊन स्पिरिटच्या दिव्यावर उकळायचं. फाटलं तर आंबट. एरवी ही टेस्ट संशय आलेल्या कॅनचीच करतात. मी प्रत्येक कॅनची करायला लागलो. पिकअपवाल्यांची रांग लांबली, ते कुरकुरायला लागले. देशमुख साहेब खूश. "अण्णा आता शास्त्रीय झालेत," असं म्हणाले.

पण उकळून फक्त आंबटपणा कळतो. रॉकेल, कांदा, औषधाचा वास ह्यांतलं काही नळीत दिसत नाही. त्यासाठी दुसरा उपाय होता: विष्णू. तो माझ्यापासून चार हातांवर, टाकीपाशी. दूध ओतताना वाफ त्याच्या तोंडावर जायची. त्याचं नाक मला माहीत होतं. खराब दूध त्याच्यापुढून जाणं शक्य नाही. मी 'पास' म्हणायचो आणि त्याच्याकडं बघायचो. मास्कमुळं तोंड दिसत नसे, म्हणून कपाळ बघायचो. आठी पडली नाही की पुढचा कॅन. ज्याच्यावर जळत होतो त्याच्याच जिवावर माझी जागा टिकली होती. हे कळत असूनही मी जळायचं थांबलो नाही. उलट जास्तच जळायला लागलो.

दुसऱ्या दिवशी एका म्हाताऱ्याचा कॅन आला. सीओबी चांगली. पण ओतताना विष्णूच्या कपाळाला आठी पडली. मी लगेच हात वर केला. "थांब. परत."

विष्णू थांबला. माझ्याकडं बघून म्हणाला, "हो अण्णा, मला बी तसंच वाटलं."

"आंबूस आहे ना?"

"आंबूसच हाय."

म्हातारा हात जोडून म्हणत होता, आत्ता तासाभरापूर्वी काढलंय. आम्ही ऐकलं नाही. दूध त्याच्या पिकअपमध्ये परत चढलं. तेव्हा मला एवढंच वाटलं की माझी युक्ती चालतेय.

चौथ्या दिवशी वरच्या वाडीचे कॅन आले. वाडीचं खरं नाव सांगत नाही, तिथली माणसं अजून मला वाटेत भेटतात. बारा कॅन. सीओबी सगळी चांगली. विष्णूच्या कपाळावर काही नाही. मी बाराच्या बारा पास केले आणि ते टाकीत गेले.

थोड्या वेळानं कौशल्याबाई डॉकच्या कडेला येऊन उभ्या राहिल्या. ही आमची कॅन धुणारी बाई, रोजंदारीवर. पूर्वी ऊसतोडीला जायची, कंबर गेली म्हणून कॅन धुवायला लागली. तिच्या हातात एक झाकण होतं.

"अण्णा, वरच्या वाडीच्या कॅनाला फिनाईल मारायलंय."

मी झाकण हातात घेतलं. नाकाशी धरलं. मग विष्णूकडं बघितलं. विष्णू माझ्याकडंच बघत होता.

"विष्णू, तुला काय वाटतं?"

"तुमी पहिल्या जागेवर हाव, अण्णा. तुमी सांगा."

मला वाटलं, हा माझी परीक्षा बघतोय. वास असता तर हा आधीच बोलला असता. मी म्हणालो, "मला तर काही येत नाही."

"मला बी न्हाई," विष्णू लगेच म्हणाला.

"बाई," मी म्हणालो, "तुमचं काम कॅन धुवायचं."

"धुतेच की," ती म्हणाली. पण ते एक झाकण तिनं धुतलं नाही. नळाच्या मागं भिंतीला टेकवून ठेवलं.

अकरा वाजता टँकर गेला. नऊ हजार लिटर. दुपारी मोठ्या डेअरीतून साहेबांना फोन आला. टँकरचं झाकण उघडल्याबरोबर तिथला माणूस मागं सरला होता. फिनाईल. सगळं दूध ओतून द्यायचं ठरलं होतं. दूध वास फार पटकन धरतं. बारा कॅनांनी अख्खा टँकर वाया घालवला.

साहेबांनी आम्हा दोघांना बोलावलं. सगळे लांब लांब उभे. कौशल्याबाई दारात, ते झाकण घेऊन.

साहेबांनी झाकण हुंगलं आणि तोंड फिरवलं. "हे तुम्हाला कळलं नाही? एकाला सोडा, दोघांना?"

मी म्हणालो, डॉकवर वारा फार होता. विष्णू म्हणाला, लई वारा व्हता.

साहेबांचं घराणं जुनं, बोलणं हळू. त्यांनी टेबलाखालून संडासातली फिनाईलची बाटली काढून समोर ठेवली. म्हणाले, "मास्क वर घ्या. नाकावर नाही, डोळ्यांवर."

आम्ही मास्क डोळ्यांवर ओढले. बूच उघडल्याचा आवाज आला. माझ्या नाकापुढं काहीतरी धरल्याचं जाणवलं.

"अण्णा, काय आहे?"

"फिनाईल," मी म्हणालो.

"विष्णू?"

"फिनाईलच. लई उग्र हाय."

"डोळे उघडा."

साहेबांच्या हातात पाण्याचा पेला होता. फिनाईलची बाटली टेबलावर, बूच बंद. दारात कौशल्याबाईंनी पदर तोंडाला लावला.

मी विष्णूकडं बघितलं. तो जमिनीकडं बघत होता. मग म्हणाला, "नवव्या दिवशी गेला, साहेब. घरी असतानाच. रिपोर्ट निगेटिव्ह आला पण वास काय आला न्हाई. म्हनलं सांगितलं तर अण्णा मला हमालीला लावतील. अण्णा हायेत पहिल्या जागेवर, खराब कॅन त्यांच्यापुढून सुटत न्हाई. मी त्यांच्या कपाळाकडं बघून चालायचो."

"आणि म्हाताऱ्याच्या कॅनला आठी कशाची पाडलीस?" मी विचारलं.

"ऊन आलतं डोळ्यावर."

चार दिवस आमच्या डॉकवर कुणीही दूध हुंगत नव्हतं. मी त्याच्या भरवशावर, तो माझ्या. मी त्याच्यावर जळत होतो, तो मला भ्यायलेला होता, आणि तरी दोघांना खात्री होती की समोरच्याचं नाक शाबूत आहे. साहेब खुर्चीत मागं टेकून बसले.

तेवढ्यात वरच्या वाडीच्या दूध संस्थेचा सेक्रेटरी धावत आला. भला माणूस. त्याला अजून कळत नव्हतं काय चुकलं. "साहेब, आमी तर उलट काळजी घेतली. तुमच्या अण्णांनीच सांगितलं की डॉकवर कोरोना घुसलाय. आमच्या पिकअपवाल्यानं कानानं ऐकलं. मंग आमी तुमच्याकडून परत आलेले रिकामे कॅन रोज आतून-बाहेरून फवारायला लागलो. पंचायतीचं औषिध व्हतं तोवर ते मारलं, त्याचा वास रातीत उडून जायचा. ते संपलं, मंग फिनाईल पंपात घातलं."

"आणि पाण्यानं धुतलं नाही?"

"धुतलं तर औषिध निघून जाईल की, साहेब."

मला वाटलं होतं की टँकरचा दोष वाडीवर जाईल. तो फिरून माझ्याच तोंडापाशी आला. विष्णूला हाकलताना मी जे मोठ्यानं बोललो होतो, ते पिकअपमध्ये बसून वाडीला गेलं आणि फिनाईल होऊन परत आलं.

मी साहेबांना म्हणालो, "साहेब, मला चार दिवसांपासून वास नाही. विशेष रजेचा अर्ज देतो."

"विशेष रजा स्वतःहून कळवणाऱ्याला असते, अण्णा. तुम्हीच वाचून दाखवली होती. तुमचे चौदा दिवस मेडिकलमधून जातील. आणि मेमो दोघांनाही."

माझी टेस्ट पॉझिटिव्ह आली. डॉकवरच्या सगळ्यांची केली. कौशल्याबाई निगेटिव्ह, हे तिचं नशीब, त्यात माझं काही श्रेय नाही. एक पिकअपवाला पॉझिटिव्ह निघाला. पाच दिवस दवाखान्यात होता, बरा झाला. त्याला माझ्याकडूनच झाला का हे कुणी सांगू शकत नाही. मी त्याला कधी विचारलंही नाही, आणि तो मला अजून रामराम करतो. वाडीचं दूध आठ दिवस बंद राहिलं. त्या आठ दिवसांत लोकांनी दुधाचा खवा केला, पोरांना पाजलं, काही ओतलं. म्हाताऱ्याच्या घरी मी नंतर जाऊन आलो. त्यानं चहा दिला आणि त्या कॅनबद्दल चकार शब्द काढला नाही.

चौदा दिवस पुढच्या खोलीत पडून मी विचार करत होतो की पहिल्या जागेवर कोण असेल. विष्णूला तर वास नाही. मग कळलं. साहेबांनी कौशल्याबाईला उभं केलं होतं. तात्पुरतं, अण्णा येईपर्यंत. मी फोनवर विष्णूला विचारलं, जमतंय का तिला?

"अण्णा, लई जमतंय," तो म्हणाला. आवाजात आनंद नव्हता. "कावून जमणार न्हाई? दहा वर्षं सगळ्या गावचे कॅन धुतलेत. आपण नुस्तं झाकण हुंगतो, ती कॅनाचं पोट हुंगत आली. पिकअपवाले म्हणतेत, बाई लई पारखी हाय."

"विष्णूभाऊ कुठंय, असं कुणी विचारत नाही?"

"न्हाई," तो म्हणाला. "तुमच्याबद्दल बी न्हाई."

त्या दिवसापासून आमचं जुळलं. परत गेल्यावर मला नमुन्यांच्या बाटल्यांवर चिठ्ठ्या लावायला बसवलं. विष्णू दुसऱ्या जागेवर. मधल्या सुट्टीत आम्ही दोघं एका बाकावर चहा प्यायचो आणि मिळून तिच्यावर जळायचो. ती कॅन परत करताना काय बोलते, झाकण कसं धरते, ह्याच्यात चुका काढायचो. सापडायच्या नाहीत. मग चहात चुका काढायचो.

विष्णूचं नाक महिन्यात आलं. माझं यायला अडीच महिने लागले. एका सकाळी गोठ्यात शेणाचा वास आला आणि मी मंगलला हाका मारत घरात गेलो. तिला वाटलं गाय सुटली. मी साहेबांना सांगितलं, आता मी तयार आहे. साहेब म्हणाले, बघू.

आणि मग एका सकाळी कौशल्याबाई गेटमधून आत आल्याच नाहीत. बाहेरच उभ्या राहून त्यांनी हाक मारली, "साहेब, मला रातीपासून ताप हाय. मी घरी चाललेय. चौदा दिस येत न्हाई."

साहेब बाहेर आले. मीही गेलो. साहेब जरा अडखळले. "बाई, विशेष रजा कायम कर्मचाऱ्यांना आहे. रोजंदारीला ती बसत नाही. तुम्हाला ते माहीत आहे ना?"

"माहीत हाय की. अण्णांनी वाचलं तवा मी तिथंच कॅन धुत व्हते."

"मग?"

"मंग काय? ताप हाय तर हाय." आणि ती वळली आणि चालायला लागली. गावाला जाणारा रस्ता तापलेला होता, ती कडेच्या सावलीतून गेली.

तोवर मी तिच्या नाकावर जळत होतो. त्या सकाळी मला तिच्या पाठीचा हेवा वाटला. मला पूर्ण पगार मिळणार होता, तरी मला गेटवरून मागं फिरता आलं नाही. तिला एक दिवसही मिळणार नव्हता, आणि ती फिरली. मी साहेबांना म्हणालो, माझ्या मेडिकलमधले चौदा दिवस तिच्या नावावर टाका. ते म्हणाले, तसं करता येत नाही. हेड ऑफिसला पत्र लिहिलं, मी आणि विष्णूनं सह्या केल्या. आलेलं उत्तर दोन ओळींचं होतं, नियमात बसत नाही. मंगल एक दिवसाआड डबा नेऊन तिच्या उंबऱ्यावर ठेवायची.

त्या चौदा दिवसांत पहिली जागा परत माझी होती. झाकण उघडायचं, वास घ्यायचा, पास, परत. सगळं पूर्वीसारखं. साहेब म्हणाले, "अण्णा, आता तुम्हीच राहा. बाईला परत कॅन धुवायला घेऊ." ज्यासाठी मी एवढं सगळं केलं होतं, ते मला आयतंच मिळालं होतं. मी होय म्हणालो नाही आणि नाहीही म्हणालो नाही.

पंधराव्या दिवशी ती आली. बारीक झाली होती. नळाकडं निघाली, कॅन धुवायला. डॉकवर पिकअप उभा होता, माझ्या हातात झाकण होतं. मला बाजूला व्हायचं नव्हतं. खरंच नव्हतं. मी झाकण तिच्यापुढं धरलं आणि दुसऱ्या जागेच्याही मागं, बाटल्यांपाशी जाऊन उभा राहिलो. विष्णूनं माझ्याकडं बघितलं. साहेब काचेतून बघत होते. ते बाहेर आले नाहीत.

ती आधी उरकलेल्या कॅनकडं वळली. मी पास केलेला एक अजून ओतायचा राहिला होता. तिनं त्याचं झाकण उचललं, वाकली आणि माझ्याकडं बघितलं.

"अण्णा, ह्यो कांद्याच्या पातीचा हाय."

"मी बघितलाय तो. चांगला आहे."

"बघा की परत एकदा."

मी गेलो, मास्क खाली केला आणि वाकून वास घेतला. कांद्याच्या पातीचाच होता.